पीएसपीचे गेम लॅपटॉपवर खेळाचे हायेत, पण सगळं रेंगाळून चालते. काहून?

नेर_परसोपंत

नमस्कार मंडळी. गाव नेर तालुक्यातलं. कपाशी, तूर, अन् ओलिताच्या तुकड्यात हरभरा. माझ्याजवळ एक पीएसपी हाये, म्हणजे सोनीचं हातात धरून गेम खेळाचं यंत्र, ३००० मॉडेल. नागपूरले नोकरीवर होतो तेव्हा बर्डीवरून घेतला होता. आता त्याची गत अशी का स्क्रीनवर उभे पट्टे आले, डाव्या अंगठ्याची अ‍ॅनालॉगची टिकली आपोआप एका बाजूनं ओढते, अन् बॅटरी फुगून मागचं झाकण बसत नाही. बॅटरी काढून नुसत्या चार्जरवर लावला तर चालू होते. डिस्का मात्र सगळ्या ठणठणीत. टेकन हाये, गॉड ऑफ वॉर हाये, क्रिकेटचा ब्रायन लारावाला हाये. फेकाचं जीवावर येते.

हे आत्ताच काहून सुचलं म्हणान, तर आमच्या फीडरवर सध्या थ्री फेज रात्रीची हाये. लाईन येईपर्यंत जागं राहा लागते. मोटारले ऑटो स्टार्टर लावला, पण स्प्रिंकलरचे पाईप बदलाले माणूसच लागते. तोवर घरी बसून करता काय? मोबाईलवर गेम खेळलो तर तो उतरते, अन् वावरात उजेडाले अन् घरी फोन कराले तोच पाह्यजे. म्हून लॅपटॉप.

लॅपटॉप सेकंडहँड हाये. आय३, तिसरी पिढी, ४ जीबी रॅम, ग्राफिक्स इंटेलचं एचडी ४०००, विंडोज १०, १२० जीबीची एसएसडी. बॅटरी मेलेली, सदा चार्जरवर. पीपीएसएसपीपी, म्हणजे पीएसपीचे गेम लॅपटॉपवर चालवणारं एम्युलेटर (नकली पीएसपी), त्याच्याच साईटवरून उतरवलं. डिस्क लॅपटॉपवर कशी आणाची हे काही समजलं नाही, म्हून त्याच्यातच जे होमब्रू (हौशी लोकाईनं बनवलेल्या गेमाईचं) स्टोअर हाये तिथला एक साधा फुकट गेम टाकून पाह्यला. तर तोही रेंगाळते. कोपऱ्यात वेग दाखवाचं चालू केलं, तर १०० च्या जागी ५०-५५ टक्के. आवाज तर भजे तळल्यावाणी तडतड करते.

दोन गोष्टी सांगा. एक, डिस्कमधला गेम लॅपटॉपवर आणाचा कसा. दोन, हा लॅपटॉप या कामाचाच नाही काय? दुकानवाला म्हणते ग्राफिक कार्डवाला घ्या. आता कापसाचे पैसे गेमात घालू म्हणता काय!

अकोटचा_गेमर

भाऊ सोपं हाये. सेटिंगमधी जा, रेंडरिंग रिझोल्यूशन १एक्स (पीएसपीच्या मूळ स्क्रीनएवढं) कर, फ्रेमस्किप (मधातली चित्रं गाळणं) ३ कर, स्किप बफर इफेक्ट्स चालू कर, अन् सीपीयू क्लॉक ३३३ टाक. तरी नाही झालं तर पीएसपीची बायोस फाईल शोधून टाक, माझ्या मित्राचं तसंच झालं होतं.

कारंजा_मोबाईलवाला

अकोटवाल्या भाऊ, राग मानू नका, पण यातलं १एक्स सोडलं तर बाकी काही करू देऊ नका त्याईले.

पहिले बायोसचं. पीपीएसएसपीपीले बायोस लागत नाही. काही काही एम्युलेटर असे असतात का त्याईले मूळ मशीनमधली सिस्टिम फाईल द्याच लागते. पीपीएसएसपीपी तसं नाही. पीएसपीच्या आतल्या सिस्टिमची जी कामं असतात, म्हणजे फाईल उघडणं, आवाज देणं, सेव्ह करणं, ते त्यानं स्वतःच नव्यानं लिहून घेतले. गेमनं काम सांगितलं का तेच उत्तर देते. म्हून "पीएसपी बायोस डाउनलोड" असं लिहिलेली जी साईट दिसंल, तिथून मागं फिरा. माझ्या दुकानात असे लॅपटॉप येतात, बायोस शोधाले गेले अन् ब्राउझरमधी दहा टूलबार घेऊन आले.

स्किप बफर इफेक्ट्सनं वेग वाढते, खरं हाये, पण बऱ्याच गेमात चित्रच बिघडते. कुठं सावली नाही, कुठं अर्धा स्क्रीन काळा. फ्रेमस्किपनं टेकनसारख्या मारामारीच्या गेमात मार कधी बसला तेच समजत नाही. अन् सीपीयू क्लॉक आहे तसाच ० राहू द्या, ० म्हणजे ऑटो. तो आकडा तुमच्या लॅपटॉपचा नाहीच. आतल्या नकली पीएसपीचा हाये. तो वाढवला म्हणजे गरीब लॅपटॉपवर आणखी वझं.

आता नेरवाल्या भाऊ तुमच्याकडे. पीएसपीचं खरं प्रोसेसर जास्तीत जास्त ३३३ मेगाहर्ट्झचं. स्क्रीन ४८० बाय २७२. ३००० मॉडेलात रॅम ६४ एमबी. तुमचा आय३ त्याच्यापुढं पहिलवान हाये. २०१२ पासून हे एम्युलेटर चालू हाये, अन् साध्या साध्या मोबाईलवर चालते. तिसऱ्या पिढीच्या आय३ वर होमब्रू ५५ टक्क्यानं चालत असंल तर दोष गेमात नाही, सेटिंगात नाही, लॅपटॉप कुठंतरी बांधून ठेवला हाये. उगाच सेटिंग फिरवू नका.

एवढं करा. गेम चालू ठेवा, कंट्रोल शिफ्ट एस्केप दाबा, टास्क मॅनेजरमधी परफॉर्मन्सवर जा, सीपीयूवर दाबा. खाली "स्पीड" लिहिलं हाये त्याच्यापुढचा आकडा इथी टाका. अन् चार्जर लॅपटॉपसोबतचाच हाये का नंतर घेतलेला, तेही सांगा.

आर्वीकर_सध्या_पुण्यात

कारंजावाल्या दादांशी सहमत. फक्त एक भर. सेटिंगमध्ये ग्राफिक्स बॅकएंड, म्हणजे चित्र काढायची पद्धत (व्हल्कन, डायरेक्ट थ्रीडी वगैरे), काय निवडलाय ते पाहा. एचडी ४००० ला विंडोजवर व्हल्कन मिळत नाही, इंटेलनं ते सहाव्या पिढीपासून दिलं. तुमच्यासाठी डायरेक्ट थ्रीडी ११ योग्य. यूट्यूबवर सगळे "व्हल्कन लावा" म्हणत असतात, त्यामागे लागू नका.

(नेरच्या माणसाला पाहून बरं वाटलं. आमची आत्या तिथलीच.)

नेर_परसोपंत

आर्वीकर भाऊ, आत्या म्हणजे मग पाहुणेच झाले. बॅकएंड पाह्यला, डायरेक्ट थ्रीडी ११ च हाये.

कारंजावाले भाऊ, आकडा ०.७८ गीगाहर्ट्झ. गेम चालू असो का बंद असो, तिथून हालत नाही. वर "बेस स्पीड" लिहिलं हाये तिथी २.४० हाये. चार्जर नंतर घेतला, लॅपटॉप आला तेव्हा सोबत चार्जरच नव्हता. बाजारातून साधा घेतला, पिन बसली म्हणून.

कारंजा_मोबाईलवाला

बस, सापडलं.

काही लॅपटॉपच्या चार्जरले मधात एक बारीक पिन असते. त्या पिनीतून चार्जर लॅपटॉपले सांगते का मी इतक्या वॅटचा हावो. डुप्लिकेट चार्जरमधी ती ओळख देणारी चिप नसते, नाहीतर पिन वाकलेली असते. मग लॅपटॉप म्हणते, हा कोण पाहुणा, याच्यावर भरोसा नाही. अन् प्रोसेसरले एकदम खालच्या वेगावर बांधून टाकते, बॅटरीही चार्ज करत नाही. तुमची बॅटरी मेली म्हणता ना, ती मेलीच हाये का चार्जरमुळं भरत नव्हती, हेही नीट पाहा लागंल. चालू करताना काळ्या स्क्रीनवर इंग्रजीत काही लिहून येते काय, "अ‍ॅडॉप्टर ओळखता आला नाही" अशा अर्थाचं? लोक ते एंटर मारून पुढं जातात.

लॅपटॉपच्या खालच्या स्टिकरवर किंवा मूळ चार्जरवर वॅट लिहिलेले असतात, ६५ का ९०. तेवढ्याच नाहीतर जास्त वॅटचा, त्याच कंपनीचा, ओळख देणारा चार्जर घ्या. वापरलेला असला तरी चालते. घेण्याआधी लॅपटॉप सोबत न्या, दुकानातच लावा, तोच टास्क मॅनेजर उघडा अन् आकडा वर गेला तरच पैसे द्या. दुकानदार काहीही म्हणो.

त्यासोबत कंट्रोल पॅनलच्या पॉवर ऑप्शनमधी "पॉवर सेव्हर" असंल तर "बॅलन्स्ड" करा. पण ०.७८ ले चिकटून बसणं हे बहुतेक चार्जरचंच काम असते.

ग्राफिक कार्डवाला लॅपटॉप घेऊ नका. पैसे बँकेत राहू द्या.

अकोटचा_गेमर

च्यामायबीन, हे तर मलेही माहीत नव्हतं. माझ्या मित्राचा लॅपटॉप पाहा लागंल आता.

कारंजा_मोबाईलवाला

आता तुमचा पहिला प्रश्न, डिस्कचा. यूएमडी, म्हणजे पीएसपीची डिस्क, ही निराळीच हाये, लॅपटॉपच्या सीडी ड्राइव्हमधी जात नाही. ती वाचणारं एकच यंत्र, पीएसपी. म्हून तुमचा पट्टेवाला पीएसपी फेकू नका, अजून त्याचं एक काम बाकी हाये.

पहिले त्या फुगलेल्या बॅटरीचं. ती आत दाबून बसवाचा प्रयत्न करू नका, टोचू नका, चुलीजवळ ठेवू नका. बाहेर काढून पत्र्याच्या डब्यात, घराबाहेर सावलीत ठेवा, अन् जिल्ह्याले गेले का इलेक्ट्रॉनिक कचरा घेणाऱ्याले द्या. लहान पोट्टे असतील तर आधीच.

मग सेटिंग्ज, सिस्टिम सेटिंग्ज, सिस्टिम इन्फर्मेशनमधी फर्मवेअरचा (पीएसपीच्या आतल्या सिस्टिमचा) आकडा पाहा. ६.६० किंवा ६.६१ असंल तर काम सोपं. त्याहून जुना असंल तर अपडेट कराले चार्ज असलेली बॅटरी लागतेच, नुसत्या चार्जरवर सोनीचं अपडेट होत नाही. त्यावेळी कोणाची चांगली बॅटरी उसनी घ्या लागंल.

त्यावर कस्टम फर्मवेअर, म्हणजे सोनीच्या बाहेरच्या लोकाईनं बदललेली सिस्टिम, टाकाचं. ६.६० अन् ६.६१ साठी एआरके-४ मिळते, त्याच्यासोबतच्या सूचनेत कोणतं फोल्डर कुठं ठेवाचं ते दिलेलं असते. ते चालू झालं का मुख्य स्क्रीनवर सिलेक्ट दाबा, एक बारीक मेन्यू येते. त्यात यूएसबी डिव्हाइस "मेमरी स्टिक" असते, ते "यूएमडी डिस्क" करा. मग पीएसपी केबलनं लॅपटॉपले जोडा अन् यूएसबी कनेक्शन चालू करा. लॅपटॉपवर एक ड्राइव्ह दिसते अन् त्यात एकच मोठी आयएसओ फाईल, म्हणजे अख्ख्या डिस्कची नक्कल. तीच कॉपी करून घ्या. यूएमडीत जास्तीत जास्त १.८ जीबी मावते, म्हणजे फाईल त्याच्या आतच येईल. वेळ लागते, मधात केबल हलवू नका. अन् लाईनच्या भरोशावर करू नका, पीएसपीचा चार्जर इन्व्हर्टरवर लावा. बॅटरी नाही ना त्याले.

केबल मिनी यूएसबी लागते, आपली मोबाईलवाली नाही. लग्नाचे फोटो काढणाऱ्याकडे हमखास पडलेली असते, जुन्या कॅमेऱ्याले तीच होती.

हे तुमच्या स्वतःच्या डिस्कांसाठी सांगतो. गेम कुठून फुकट उतरवाचे हे इथी कोणी विचारू नका, मी सांगणार नाही.

आर्वीकर_सध्या_पुण्यात

दोन बारीकसारीक गोष्टी, कारण इथे बरेच जण अडकतात. आयएसओवर डबल क्लिक करू नका. विंडोज १० ती स्वतःच ड्राइव्हसारखी उघडतो आणि आत भलतीच फोल्डरं दिसतात. ज्यांच्याकडे विनरार आहे त्यांना ती आयएसओ पुस्तकांच्या ढिगाचं चित्र लावून दिसते, मग ते "एक्स्ट्रॅक्ट" करत बसतात. काही करायचं नाही. फाईल जशी आहे तशी एका फोल्डरात ठेवा आणि पीपीएसएसपीपीमधूनच त्या फोल्डरात जा.

आणि तुमची १२० जीबीची एसएसडी लवकर भरेल. आयएसओची सीएसओ किंवा सीएचडी करून घेता येते, दोन्ही दाबलेली रूपं आहेत आणि पीपीएसएसपीपी ती सरळ चालवतं. सीएचडीला १.१७ किंवा त्यापुढची आवृत्ती हवी.

नेर_परसोपंत

मंडळी, यवतमाळले गेलो होतो बियाण्याच्या कामानं, लॅपटॉप पिशवीत घातला. पहिल्या दुकानवाल्यानं लॅपटॉप लावूच दिला नाही, म्हणे सगळे चार्जर सारखेच असतात. दुसऱ्याकडे वापरलेला ९० वॅटचा मूळ चार्जर मिळाला. लावला तसा आकडा २.३ वर! त्याच्या काउंटरवरच गेम चालू केला, १०० टक्के, आवाज साफ. बॅटरीही चार्ज होऊ लागली, पण टिकते अर्धा तास. तेवढी तर तेवढी.

पीएसपीचं फर्मवेअर ६.६० निघालं. केबल खरंच फोटोवाल्याकडे भेटली. टेकनची अन् क्रिकेटची डिस्क उतरवून झाली. गॉड ऑफ वॉर मधात जाऊन अटकते, डिस्कच्या मागं ओरखडा हाये वाटते.

आता अडचण बोटांची. झेड, एक्स, ए, एस वर मारामारी करणं म्हणजे टायपिंगची परीक्षा देणं. तीन बटनं सोबत दाबले तर एक लागतच नाही. गेमपॅड कोणता घेऊ? अन् एकदा लाईन गेली तर सगळं गेलं, असं नको.

धामणगावची_ताई

गॉड ऑफ वॉरबद्दल आधी. यूएमडीच्या पारदर्शक खिडकीवरचा ओरखडा असेल तर मऊ, कोरड्या कापडाने मधून बाहेर असं हळूच पुसून पाहा, गोल गोल नाही. बोटाचे डाग असले तर तेवढ्यानं निघतात. कधीकधी ते खिडकीचं प्लास्टिकच सुटलेलं असतं, दाबून पाहा.

गेमपॅड मुलासाठी मी घेतला तेव्हा जे कळलं ते सांगते. एक्सबॉक्सच्या पद्धतीचा, म्हणजे एक्सइनपुटवाला पॅड घेतला तर लावताक्षणी सगळी बटनं आपोआप बसतात. स्वस्तातले जे दोन-दोन मिळतात ते जुन्या पद्धतीचे, डायरेक्टइनपुटचे. तेही चालतात, पण सेटिंग्ज, कंट्रोल्स, कंट्रोल मॅपिंगमध्ये जाऊन एकेक बटन स्वतः ओळखीचं करून द्यावं लागतं. एकदाच करायचं असतं. काही पॅडवर एक्स आणि डी असा खटका असतो, तो एक्सवर ठेवा. आणि वायरचाच घ्या दादा. बिनवायरचा घेतला की त्याचे सेल आणायला मला तालुक्याला जावं लागतं, आई म्हणून हा अनुभव आहे.

पीएसपीला उजवी अ‍ॅनालॉग नव्हतीच, त्यामुळे पॅडची उजवी टिकली काही कामाची नाही म्हणून घाबरू नका. ती मोकळीच राहते.

कीबोर्डवर तीन बटनं लागत नाहीत हा एम्युलेटरचा दोष नाही, लॅपटॉपचे कीबोर्डच तसे असतात.

कारंजा_मोबाईलवाला

ताईंनी नेमकं सांगितलं. सेव्हचं मी सांगतो, कारण आपल्याकडे हेच महत्त्वाचं.

सेव्ह दोन प्रकारचे. एक एम्युलेटरचा "सेव्ह स्टेट", एफ२ दाबलं का त्या क्षणाचा फोटोवाणी पूर्ण डाव ठेवते, एफ४ नं परत येते. दुसरा गेमच्या आतला सेव्ह, जो पीएसपीवर होता तोच. लोक एफ२ च्या नादी लागून गेममधी सेव्ह करतच नाहीत. माझं म्हणणं उलट हाये. एफ२ फक्त लाईन आली, मोटार चालू झाली, पळालं पाह्यजे अशा वेळी. बाकी गेमच्या आतच सेव्ह करा. एम्युलेटरची नवी आवृत्ती टाकली तर जुना स्टेट कधी उघडते, कधी नाही. आतला सेव्ह उघडतेच.

तो सेव्ह मेमस्टिक फोल्डरच्या आत पीएसपी, त्याच्या आत सेव्हडेटा, तिथी असते. लहान लहान फोल्डर असतात, मोबाईलवर टाकून ठेवले तरी जागा लागत नाही. अन् एक मजा सांगतो. तुमच्या पीएसपीच्या मेमरी स्टिकवरही नेमकं हेच फोल्डर हाये, पीएसपी अन् आत सेव्हडेटा. ते उचलून इथी टाका. तुमचे नागपूरचे जुने डाव जसेच्या तसे लॅपटॉपवर उघडतील. फक्त डिस्क त्याच देशाची पाह्यजे, म्हणजे गेमचा कोड सारखा असला पाह्यजे. तुमची तर तीच डिस्क हाये.

रिझोल्यूशन आता २एक्स करा. ९६० बाय ५४४ होते. तुमचा स्क्रीन १३६६ चा असंल तर त्यापुढं जाऊन डोळ्याले मोठा फरक दिसत नाही, पंखा मात्र बोंबलते. टेक्श्चर अपस्केलिंग बंदच ठेवा.

नेर_परसोपंत

मेमरी स्टिकवरचं टाकलं. टेकनमधी सगळे खेळाडू उघडे हायेत बाप्पा! घरच्याईले दाखवलं तर म्हणते, "लाईन आली काय?"

गॉड ऑफ वॉर ताईंनी सांगितल्यासारखी पुसली, तरी अटकते त्याच जागी. ती डिस्क गेली समजाची.

एकच शेवटचं. दिवाळीत भासा येते अमरावतीवरून, त्याच्या मोबाईलवर पीपीएसएसपीपी हाये अन् टेकनची डिस्क त्याच्या बाबाजवळ हाये. मी लॅपटॉपवर अन् तो मोबाईलवर, असं आमनेसामने जमते काय? गावात वायफाय नाही.

आर्वीकर_सध्या_पुण्यात

जमतं, इंटरनेट लागत नाही. त्याच्या मोबाईलचा हॉटस्पॉट चालू करा, लॅपटॉप त्याला जोडा. दोघांच्याही सेटिंगमध्ये नेटवर्किंगमध्ये नेटवर्क चालू करा. लॅपटॉपवर "बिल्ट-इन प्रो अ‍ॅड हॉक सर्व्हर" चालू करा (अ‍ॅड हॉक म्हणजे जवळचे पीएसपी एकमेकांना जोडून खेळायची सोय). मोबाईलवर आणि लॅपटॉपवरही अ‍ॅड हॉक सर्व्हरच्या पत्त्यात लॅपटॉपचा आयपी टाका. लॅपटॉपवर कमांड प्रॉम्प्टमध्ये आयपीकॉन्फिग लिहिलं की तो दिसतो. दोघांचे मॅक अ‍ॅड्रेस (नेटवर्कमधली यंत्राची ओळख, पीपीएसएसपीपीच्या सेटिंगमध्येच दिसते) वेगळे हवेत, सारखे दिसले तर एकाचा बदलून घ्या. विंडोज फायरवॉलनं विचारलं तर परवानगी द्या, तिथे "नाही" दाबलं तर जोडणीच होत नाही.

मग गेममध्ये अ‍ॅड हॉकचा जो पर्याय आहे तो दोघांनी उघडायचा. पीपीएसएसपीपीची आवृत्ती दोन्हीकडे एकच ठेवा, आणि गेमही एकाच देशाचा हवा. त्याच्या डिस्कच्या कण्यावरचा कोड तुमच्या डिस्कशी जुळवून पाहा, दिवाळीच्या आधीच.

नेर_परसोपंत

त्याले फोन केला. त्याच्या डिस्कवर यूएलईएस, माझ्यावरही यूएलईएस, पुढचे आकडेही तेच. जमलं मग. चार्जर त्याले सांगून ठेवतो, त्याचाही लॅपटॉप सेकंडहँडच हाये.